चिंधी म्हणायचं न्हाई

शिवकन्येच्या हातून पुढं जे काही घडलं, त्याचं मूळ एका ब्लाउजात होतं. पुतणीच्या साखरपुड्यासाठी तिनं इरकलीवरचा ब्लाउज गल्लीतल्या टेलरकडं टाकला होता. टेलरनं तो असा शिवला, की एक बाही कोपराखाली उतरली आणि दुसरी कोपराच्या वरच अडून बसली. ती भांडायला गेली, तर त्यानं टेप गळ्यात टाकून तिला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं आणि म्हणाला, "अक्का, बाह्या बरुबर हायत्या. तुमचे हातच कमी-जास्त हायती."

शिवकन्या घरी आली ती तणतणतच. "ह्याच्यापुढं या घरातला एक टाका बाहेर जाणार न्हाई," तिनं नवऱ्याला सांगून टाकलं. "मी सोता शिवणार."

नवरा विरूपाक्ष एका सरकारी खात्यात कारकून होता. मंजुरी मिळणं आणि काम सुरू होणं यांच्यामधला पल्ला त्यानं नोकरीभर डोळ्यांनी पाहिला होता. "शिव की," एवढंच तो म्हणाला आणि त्यानं पेपर पुन्हा तोंडापुढं धरला.

मशीन आली. मोटरची, चकचकीत. तिच्यावर हळदीकुंकू वाहिलं, नारळ फुटला. मग धूळ बसू नये म्हणून क्रोशाचा रुमाल आला आणि रुमाल उडू नये म्हणून त्यावर प्लास्टिकच्या फुलांची कुंडी आली. शिवण शिकायची ती मोबाईलवर. पुण्याच्या कुठल्याशा बाई फार गोड आवाजात शिकवायच्या. पहिल्या धड्यात त्या म्हणाल्या, शिवायच्या आधी कापडाशी मैत्री करा. निरनिराळ्या कापडांचे छोटे नमुने जमवा, चिकटवा, खाली नाव लिहा. दुसऱ्या धड्यात सुईत दोरा ओवायचा होता. पण पहिला धडा पुरा झाल्याशिवाय दुसरा उघडायचा नाही, ही शिवकन्येची शिस्त. आणि जगातली कापडं काही संपायचं नाव घेत नव्हती.

लातुरात गंजगोलाईला मकबूलभाईचं कटपीसचं दुकान होतं. शिवकन्येनं तिथं जाऊन पॉपलिन बघितलं, केंब्रिक बघितलं, टू बाय टू रुबिया बघितला, आणि शेवटी म्हणाली, "सगळ्यातला बोटभर तुकडा द्या. घरी साडीला लावून बघते."

मॅचिंगसाठी तुकडा देणं ही दुकानदाराची रीतच. मकबूलभाईनं दिला. दुसऱ्या दिवशी ती परत आली, पुढच्या आठवड्यात रोज आली. शेवटी ती पायरी चढताना दिसली की मकबूलभाई कात्री गादीखाली सारायला लागला.

"अक्का, येक इचारू? तुमच्याकडं साड्या तरी किती हायत्या?"

"साडीचं न्हाई ओ भाई. मी अभ्यास करायलेय."

"अभ्यास? मंग वही आणा. कापड कामून नासवायलाव?"

पण मकबूलभाई धंद्याचा पक्का होता. शिवकन्या कापड दोन बोटांत चोळायची, उजेडाला धरायची, नाकाला लावायची, डोळे मिटून मान हलवायची. शेजारी उभ्या असलेल्या बायकांना वाटायचं, बाई दर्दी दिसते. तिनं मान हलवलेलं कापड त्या मुकाट्यानं फाडून घ्यायच्या. हे ध्यानात आल्यावर मकबूलभाईनं कात्री बाहेर काढली, आणि तिच्यासाठी एक स्टूलही.

घरी फायली वाढत चालल्या. प्रत्येक तुकडा झिगझॅग कात्रीनं चौकोनी कापायचा, कार्डाला स्टेपल करायचा, खाली कापडाची जात, पन्हा, वीण, दुकान अशी नोंद करायची. सगळ्यात शेवटी 'जळण' असा रकाना होता. कापडातला एक धागा काढून गॅसवर धरायचा; सुताचा असला तर कागदासारखा वास येतो, रेशमाचा असला तर केस जळाल्यासारखा, आणि पॉलिस्टर असलं तर धागा वितळून त्याचा टणक मणी होतो. संध्याकाळी वरणाला फोडणी बसायच्या वेळेला शिवकन्येच्या स्वयंपाकघरातून केस जळाल्याचा वास यायचा, आणि शेजारची साखराबाई खिडकीतून विचारायची, "काय करपलं गं?"

"टसर," शिवकन्या सांगायची.

साखराबाईला ती एखादी भाजी वाटायची.

एकदा विरूपाक्ष ऑफिसातून भुकेजून आला. बैठकीत बसायला जागा नव्हती. जमिनीवर मलमल, पलंगावर जॉर्जेट, आणि जेवायच्या जागी अस्तराचे चौसष्ट प्रकार. तो सहज म्हणाला, "त्या चिंध्या जरा उचल, जेवायला बसतो."

शिवकन्येचा हात भाकरीवरच थांबला.

"चिंधी म्हणायचं न्हाई."

"मंग काय म्हणू?"

"नमुना म्हणायचं."

"बरं, नमुना," विरूपाक्ष बूट काढत म्हणाला. "तसा घरात एक होताच."

तो त्या दिवशी जेवला, पण भाजी त्याला स्वतःच्या हातानं वाढून घ्यावी लागली. पुढं त्याच्या शर्टांच्या आतल्या शिवणीतून, पडद्याच्या दुमडीतून, इतकंच काय, देवाच्या आसनाखालून एकेक चौकोन नाहीसा झाला. नवी पँट आणली की तो ती ऑफिसच्या कपाटात ठेवायला लागला.

खरी गंमत आहेराची झाली. आपल्याकडं आहेराचं ब्लाउजपीस कोणी शिवत नाही. ते या घरातून त्या घरात, त्या घरातून तिसऱ्या घरात असं फिरत राहतं. शिवकन्या आलेल्या प्रत्येक ब्लाउजपीसचा कोपरा कापून घ्यायची आणि घडी उलटी घालून पुढं द्यायची. पुढं रेणापूरला एका वास्तुशांतीत तिच्या ओटीत एक राणी रंगाचं ब्लाउजपीस पडलं. तिनं तिथंच घडी उलगडली. कोपऱ्याला झिगझॅग कात्रीचा चौकोन गेलेला. किती घरं फिरून ते माहेरी आलं होतं! दुसऱ्या कोणाला लाज वाटली असती. शिवकन्येनं ते पुन्हा घडी घालून पिशवीत टाकलं आणि घरी येऊन त्या नमुन्याच्या कार्डावर लिहिलं : 'टिकाऊ.'

संक्रांतीला ती आणि विरूपाक्ष नांदेडला गेले. विरूपाक्षचा चुलतभाऊ मडिवाळप्पा तिथं राहायचा. त्याची बायको जगदेवी शिवकन्येपेक्षा मोठी. नात्यानं जाऊ, आणि स्वभावानं सासूच्या जवळपास. दोघींचं आतापर्यंत सणावारापुरतंच होतं. शिवकन्येनं सोबत एक फाइल नेली होती, 'सहज, गाडीत वेळ जावा म्हणून'. हळदीकुंकू आटोपल्यावर तिनं ती सहज उघडली.

जगदेवीनं दोन पानं उलटली. मग उठली आणि आतल्या खोलीचा दिवा लावला. "ये आत," ती म्हणाली.

आत भिंतभर काचेचं कपाट होतं. त्यात तुकडेच तुकडे, रंगाप्रमाणं लावलेले. एका खणात डाळिंबी, एकात आमसुली, मग चिंतामणी, मोरपंखी, अबोली, मोतिया. श्रीखंडी रंगाच्या तर इतक्या छटा होत्या की बघून भूक लागावी. शिवकन्येच्या डोळ्यांत पाणी आलं. इतके दिवस तिला वाटत होतं, या वेडात आपण एकटीच.

"अक्का, तुमीबी?"

"तीन वर्सं झाली," जगदेवी म्हणाली. "ह्यांला वाटतं मी भजनाला जाऊन राहिले."

दोघी जावा गळ्यात गळा घालून रडल्या. बाहेर बसलेल्या दोघा भावांना वाटलं, माहेरचं कोणी गेलं.

दुपार उतरायच्या आत मंडळ स्थापन झालं. मराठी माणसाला एकट्यानं छंद करवत नाही. दोघं जमले की अध्यक्ष लागतो. 'मराठवाडा गृहशिवण नमुना संग्राहक महिला मंडळ' असं नाव ठरलं. जगदेवी वयानं मोठी म्हणून अध्यक्ष, शिवकन्या कार्याध्यक्ष. मोबाईलवर ग्रुप निघाला आणि त्यात बघता बघता मुखेडच्या, उदगीरच्या, देगलूरच्या, शिरूर अनंतपाळच्या बायका आल्या. रोज सकाळी कोणीतरी एका तुकड्याचा फोटो टाकायची आणि बाकीच्या त्याला नमस्कार करायच्या. बोधचिन्हात सुई असावी यावर एकमत झालं. पण मशीनच्या सुईचं नाक टोकाशी असतं की मुळाशी, यावर एवढा खल झाला की शेवटी सुईच्या दोन्ही टोकांना फुलं काढून तो विषय मिटवला.

मकबूलभाईलाही वारा लागला. दुकानातल्या उरल्यासुरल्या कातरणीची तो पाकिटं करायला लागला. वर छापलं होतं, 'नमुना संच, फक्त अभ्यासासाठी'. जी कातरण तो आधी फुकट द्यायचा, ती आता बायका रांग लावून विकत न्यायला लागल्या.

मग वर्षाच्या आतच वाद पेटला.

निमित्त साधं होतं. मंडळाची एक सामाईक यादी करायची होती आणि नमुने कोणत्या क्रमानं लावायचे ते ठरवायचं होतं. शिवकन्येचं म्हणणं, आधी कापडाची जात. सुती सुतीत, रेशमी रेशमीत. रंग काय, धुतला की जातो. जगदेवीचं म्हणणं, आधी रंग. बाई दुकानात जाते ती रंग मनात घेऊन जाते, वीण घेऊन नव्हे. दोन्ही बाजूंनी लांबलचक संदेश आले. जगदेवीनं एका सकाळी लिहिलं : 'जातीवर वाटणी आपल्या मंडळात चालणार नाही. आपण पुढारलेल्या बायका आहोत.' त्यावर नांदेडकरणींनी टाळ्यांची चित्रं टाकली. शिवकन्येनं उत्तर दिलं : 'रंगावर भुलणाऱ्यांनी आम्हाला शहाणपण शिकवू नये.' लातूरकरणींनी फुलं टाकली.

त्यातच मुख्यालयाचा प्रश्न निघाला. मराठवाड्यात काहीही निघालं की ते लातूरला हवं असतं आणि नांदेडलाही हवं असतं. मंडळ त्याला अपवाद कसं असेल? वास्तविक मुख्यालय म्हणजे एक कपाट आणि एक पाटी. पण त्या पाटीपायी चुलत जावांचं बोलणं बंद झालं. विरूपाक्ष आणि मडिवाळप्पा एकमेकांना चोरून फोन करायला लागले.

या धामधुमीत शिरूर अनंतपाळच्या पुनमनं भाबडेपणानं विचारलं, 'आपण सगळ्या मिळून एखादा परकर शिवून बघायचा का?' पाच मिनिटांत तिला ग्रुपमधून काढलं गेलं. कोणी काढलं, ते लातूरच्या नांदेडवर आणि नांदेडच्या लातूरवर ढकलत राहिल्या. तिला परत घ्यावं असं मात्र एकीलाही वाटलं नाही.

शेवटी समेट म्हणून अहमदपूरला मेळावा घ्यायचं ठरलं. अहमदपूर दोन्हींच्या मधोमध. कोणाचा मान कोणाच्या वरचढ होणार नव्हता, आणि एसटी दोन्हीकडून सारखीच हालत यायची.

मेळाव्याचं मंगल कार्यालय सकाळपासून गजबजलं. डाव्या भिंतीला लातूरची टेबलं, जातवार. उजव्या भिंतीला नांदेडची, रंगवार. मधून पायवाट, आणि ती ओलांडून पलीकडं बघायला जाणाऱ्या बाईकडं तिच्या बाजूच्या बायका डोळे वटारायच्या. दारात मकबूलभाईचा पाकिटांचा स्टॉल आणि स्टेजच्या मागं त्याचाच फ्लेक्स. त्यावर जगदेवी आणि शिवकन्या दोघींचे फोटो सारख्या मापाचे होते. तो स्वतः मात्र मधे, थोडा मोठा.

प्रमुख पाहुण्या म्हणून उज्वलाताई आल्या. पंचक्रोशीत कुठंही फीत कापायची असली की कात्री त्यांच्याच हातात असायची. डाळिंबी रंगाची साडी, तिच्याच कापडाचा ब्लाउज, अगदी आज सकाळीच टेलरकडून आलेला. स्टेजवर बसल्या बसल्या त्यांनी शिवकन्येला सांगितलं, "तुमच्यासारख्या जाणकार बायकांत यायचं म्हणून मुद्दाम ही नेसले. अस्सल रेशीम हाय. बंगळूरहून आणलंय."

शिवकन्येची बोटं शिवशिवली, पण तिनं ती मांडीवर दाबून धरली.

दीपप्रज्वलनाला उंच समई ठेवली होती. उज्वलाताईंनी पेटती मेणबत्ती घेतली आणि वरच्या वातीसाठी हात उंच केला. माइक चालू होता. त्यामुळं काखेपासून पाठीपर्यंत जे टर्रकन गेलं, ते पार मागच्या रांगेपर्यंत ऐकू आलं.

उज्वलाताईंनी कशीबशी वात लावली, झटकन पदर ओढून घेतला आणि खुर्चीत बसल्या. मग जगदेवी उठून उभी राहिली आणि कडाडली, "डाळिंबी! पोरींनो, डाळिंबीचा खण आणा!"

नांदेडच्या बायका धावल्या. लातूरच्या कशाला मागं राहतील? त्यांनी रेशमाच्या फायली काढल्या. दोन्हीकडच्या बायका स्टेजवर चढल्या, उज्वलाताईंभोवती पदरांचा आडोसा केला, आणि एकेक तुकडा त्यांच्या पाठीला लावून बघायला लागल्या.

"हे जरा लालसर हाय."

"तो उजेडाचा फरक. खिडकीकडं वळवा त्यांला."

"वळू का?" उज्वलाताईंनी आतून विचारलं.

"गप बसा ताई, हलू नगा."

त्यांना एकदा खिडकीकडं वळवलं, एकदा ट्यूबलाइटकडं वळवलं. त्यांच्या पाठीवर मराठवाड्यातले झाडून सगळे डाळिंबी अंथरून झाले. आणि मग एक तुकडा असा बसला, की कुठं कापड संपतं आणि कुठं नमुना सुरू होतो ते कळेना. जगदेवीनं हात वर केला. टाळ्यांचा कडकडाट झाला. त्या एका घटकेत लातूर आणि नांदेड एक झालं. बायकांनी एकमेकींचे हात हातात घेतले. आपल्या तपश्चर्येचं चीज झालं, असं शिवकन्येला वाटलं.

"जुळलं न्हवं?" आडोशातून उज्वलाताईंचा आवाज आला. "मंग शिवा आता लवकर. मला दुपारी आणखी एक कार्यक्रम हाय."

टाळ्या हळूहळू विरल्या.

कोणाकडं सुई आहे का, अशी विचारणा झाली. पर्सा उघडल्या. झिगझॅग कात्र्या निघाल्या, डिंकाच्या ट्यूबा निघाल्या, स्टेपलर निघाले, भिंगं निघाली. सुई निघाली नाही. कोणीतरी मकबूलभाईला विचारलं. "मी कापड मोजतो, अक्का," तो दोन्ही हात वर करून म्हणाला. "शिवायचं काम आपल्या खानदानात कुणी केलं न्हाई." शेवटी कार्यालयाच्या मालकाच्या घरातून सुईदोरा आला, आणि ती सुई एका हातातून दुसऱ्या हातात फिरत फिरत, आहेराच्या ब्लाउजपीससारखी, कार्याध्यक्षांच्या हातात येऊन थांबली.

सगळ्या शिवकन्येकडं बघत होत्या. दुसरा धडा तिनं उघडलाच नव्हता. दोरा ओवायला गेली तर दोऱ्याचं टोक फुटून त्याची दोन झाली. थुंकी लावली तर चार झाली. काहीतरी बोलायला हवं होतं.

"आधी," ती घसा साफ करून म्हणाली, "कापड ओळखलं पाहिजे. सुई कोणती लागती ते कापडावर असतं."

बायकांनी माना डोलावल्या. हे त्यांना पटणारं होतं. शिवकन्येनं उसवलेल्या जागेतून एक धागा ओढून काढला. हाताला आता ओळखीचं काम लागलं, तसं कुठं आहोत याचं तिचं भान गेलं. तिनं तो धागा समईच्या ज्योतीवर धरला. धागा आकसला, वितळला, टोकाला काळा मणी झाला. तिनं तो चिमटीत चोळला, नाकाशी नेला, डोळे मिटले, आणि स्वयंपाकघरात रोज जसं मोठ्यानं म्हणायची तसं म्हणाली, "पॉलिस्टर."

माइक चालूच होता.

"काय?" आडोसा बाजूला सारून उज्वलाताई उठल्या. "अस्सल रेशीम हाय ते! बंगळूरचं!"

"ताई, रेशमाची राख होती. ह्याचा मणी झाला," शिवकन्या म्हणाली. खोटं बोलायला तिला त्या घडीला सुचलंच नाही.

"बोलावून घेऊन हातभर चिंध्या दाखवायल्या आणि वरून माझी अब्रू जाळायल्या?"

चिंध्या म्हटल्याबरोबर दोन्ही भिंतींच्या बायका खवळल्या. "चिंधी म्हणायचं न्हाई!" असा एकच गलका झाला. जगदेवीनं सावरायचा प्रयत्न केला, "ताई, रंग मातर शंभर टक्के खरा हाय," पण त्यानं काही भागलं नाही. शेवटी नांदेडच्या एका बाईनं धीर करून स्टेपलर पुढं केला. दुसरा इलाज नव्हता. जी दोन टोकं सुईदोऱ्यानं जुळायची, ती खट खट करून पिनांनी जुळवली. उज्वलाताई भाषणाला उभ्या राहिल्या. एरवी त्यांचं भाषण घड्याळाला भीक घालायचं नाही. पण श्वास घेतला की पिना टोचत होत्या. "महिलांनी पुढं यावं," एवढं बोलून त्या मागच्या दारानं गाडीत जाऊन बसल्या. जुन्या बायका म्हणाल्या, ताईंचं इतकं मुद्देसूद भाषण आम्ही आजवर ऐकलं नाही.

मेळावा दुपारीच उठला. अहमदपूरच्या बसस्टँडवर लातूरची गाडी लागली नव्हती आणि नांदेडचीही. बाकावर एका टोकाला शिवकन्या, दुसऱ्या टोकाला जगदेवी, मधे दोघींच्या फायलींचा ढीग. शिवकन्येचं तोंड एवढंसं झालं होतं. सुई हातात आली तेव्हाचा तो क्षण तिच्या डोळ्यांपुढून हलत नव्हता. जगदेवीनं पिशवीतून भाजलेल्या शेंगा काढल्या आणि पुडी फायलींच्या ढिगावर ठेवली.

"खा. सकाळधरून उपाशी हायस."

शिवकन्येनं एक शेंग फोडली. "अक्का, एक इचारू? खरं सांगताव?"

"इचार."

"तुमाला शिवता येतं?"

जगदेवीनं टरफलं पदरात गोळा केली. मग स्टँडवरच्या पाटीकडं बघत म्हणाली, "मला? माझ्याकडं मशीनच न्हाई."

"आँ? मी बघितली होती की, तुमच्या आतल्या खोलीत, कवातरी, लई आधी."

"होती. पण कपाटाला जागा पुरत न्हवती." तिनं इकडं तिकडं बघितलं. "म्हणून इकून टाकली."

शिवकन्या तिच्याकडं बघतच राहिली. मग तिच्या पोटातून हसू उसळलं. शेंगदाणा घशात अडकला, ठसका लागला, जगदेवी तिच्या पाठीवर थापट्या मारायला लागली आणि मारता मारता तीही हसायला लागली. दोघी इतक्या हसल्या की शेजारच्या बाकावरच्या माणसानं आपली पिशवी उचलून लांब नेली. नांदेडची गाडी लागली तेव्हा जगदेवी डोळे पुसत चढली. खिडकीतून तिनं ओरडून सांगितलं, "पण रंग आधीच! ते मी सोडणार न्हाई!"

"जात आधी, अक्का!" शिवकन्या ओरडली.

पुढं मंडळाची रीतसर दोन मंडळं झाली, आणि दोन्ही जोरात चालली. मकबूलभाई लातूरसाठी जातवार आणि नांदेडसाठी रंगवार पाकिटं करतो. आता त्याला कातरण पुरत नाही म्हणून तो नवे तागे फाडून त्याची कातरण करतो. पेपरात बातमी आली, 'अहमदपूर येथे शिवणकला मेळावा उत्साहात संपन्न'. जावा पुन्हा बोलायला लागल्या. भांडतात, पण रोज भांडतात, म्हणजे बरंच आहे.

मेळाव्यानंतर आठ-दहा दिवस शिवकन्येनं एकही नमुना चिकटवला नाही. मग एका दुपारी विरूपाक्ष ऑफिसात गेल्यावर तिनं मशीनवरचं सगळं खाली उतरवलं आणि मोबाईलवर दुसरा धडा उघडला. दोरा ओवण्यात ती दुपार गेली. बॉबिन भरण्यात दुसरी गेली. त्यानंतरच्या दुपारी घरातून थांबून थांबून घरघर ऐकू यायला लागली, आणि साखराबाईनं खिडकीतून विचारलं, "गिरणी घेतली काय गं?"

विरूपाक्ष संध्याकाळी घरी आला तर पलंगावर एक उशीची खोळ ठेवलेली. अख्ख्या कापडाची, चौकटीची. टाके कुठं माळावरच्या पायवाटेसारखे वळत गेले होते, कुठं एकमेकांवर चढले होते, पण होते. शिवकन्या दाराशी उभी होती. बोटाला एक चिंधी बांधलेली.

विरूपाक्षनं खोळ उचलली. उजेडाला धरली. दोन बोटांत चोळून बघितली. मग उशी आणली आणि खोळीला तोंड कुठं आहे ते शोधायला लागला. एक बाजू बघितली, दुसरी बघितली, खोळ गरागरा फिरवली.

"अगं," तो शेवटी म्हणाला, "चारीबी बाजू शिवल्यास. उशी कुठून घालू?"

शिवकन्या जवळ आली. तिनं त्याच्या हातातली खोळ चारी बाजूंनी चाचपली. खरंच की. तिला वाटलं होतं तो आता हसेल, पण तो हसत नव्हता. उशी काखेत धरून शांतपणे वाट बघत उभा होता.

"द्या इकडं," ती म्हणाली, आणि कात्री घेऊन एक बाजू उसवायला बसली.